छोट्या मापाचा जोड

४ जानेवारी

दादा,

तीन वर्षांनी पत्र लिहितेय, तेही कामासाठी. आधीच कबूल करून टाकते, नाहीतर तू पहिल्या ओळीवरच आईला, म्हणजे माझ्या मावशीला, हाक मारून सांगशील, की इन्स्पेक्टरबाईंना मावसभावाची आठवण उगाच होत नसते. फोनच करणार होते. पण फोनवर तू विनोद करतोस, मी हसते आणि विषय तिथंच राहतो. हा विषय राहून चालणार नाही.

आमच्या सरकारी कारखान्यात भंगार वितळवून सळया काढतात आणि मी तिथं कामगारांच्या सुरक्षेचं बघते, एवढं तुला माहीत आहेच. हेल्मेट, हातमोजे, चष्मे, बूट, सगळं माझ्या डोळ्यांखालून जातं. बूट आजवर परदेशातून यायचे. यंदा वरून हुकूम आलाय, की देशात बनलेलेच घ्या. खरेदीवाल्या साहेबांनी लगेच कंपन्या शोधल्या. पहिलीच्या बुटावर देशी नाव, देशी शिक्का. मी आतला तळवा सोलला तर खाली परदेशी कंपनीचा ठसा. दुसरीने सुरक्षेचं प्रमाणपत्र जोडलं होतं. तपासणी केंद्रात चौकशी केली, तर तो क्रमांक हातमोज्यांचा निघाला. तिसरीकडे मी स्वतः गेले. कारखाना नव्हताच. एक गोदाम होतं आणि खोक्यांवरची नावं बदलणारा एक माणूस. मला म्हणाला, मॅडम, खोकं तर देशातच बदलतो ना!

तेव्हा तू आठवलास. काकांच्या मागे कारखाना अजून चालू आहे ना? कामाचे बूट अजून करतोस का? पुढे पोलादी टोपी हवी, तळात खिळा घुसू नये म्हणून पोलादी पत्रा हवा, आणि तळ तापलेल्या जमिनीवर वितळायला नको. प्रमाणपत्र खरं हवं. आणि मी प्रत्येक गोष्ट उलटीपालटी करून बघणार, भाऊ म्हणून सूट नाही.

अजून एक. यार्डात काही बायका काम करतात. परदेशी बुटांचं सगळ्यात छोटं माप सहा नंबर, यांचे पाय तीन नि चारचे. बुटाच्या टोकात चिंध्या कोंबून फिरतात बिचाऱ्या. त्यातली एक क्रेनच्या हुकाला साखळी अडकवते, सगळे तिला हूकवालीच म्हणतात. परवा पायऱ्या उतरताना तिचा बूट वरच्या पायरीवर राहिला आणि ती खालच्या. उठली, कपडे झटकले आणि म्हणाली, "मॅडम, मी बूट घालत नाही, बूटच मला घालतो." बाकीचे हसले. मला हसू आलं नाही. तिच्या पायाच्या मापाचा बूट कुणीतरी करेल का, हे मी गेली दोन वर्षं विचारत फिरतेय.

मावशीचे डोळे कसे आहेत?

नमस्कार आणि बाकीचं काय ते तूच वाटून टाक.

तुझी इन्स्पेक्टर

—

१३ जानेवारी

इन्स्पेक्टरसाहेब,

पत्र आलं. आईला वाचून दाखवलं. खोकेवाल्याच्या ठिकाणी ती इतकी हसली की चष्मा शिवणयंत्राखाली पडला. डोळे विचारलेस ना, ते असे आहेत. यंत्रात दोरा मी ओवून देतो, पुढचं ती करते. बुटाच्या जिभेचे टाके अजून तिचेच. म्हणते, माझं लक्ष बोटांत आहे, डोळ्यांत नाही.

कारखाना चालू आहे म्हणजे दार रोज उघडतं. तीस माणसं होती, आता नऊ. जे गेले ते बरे होते, जे राहिले ते म्हातारे आहेत किंवा हट्टी आहेत, मी दोन्ही. परदेशी बूट आमच्या कच्च्या मालाच्या भावात बाजारात येतो, तिथं कोण कुणाचं ऐकणार? या उन्हाळ्यापर्यंत बघायचं आणि मग यंत्रं विकायची असं ठरवत होतो. तेवढ्यात तू दार वाजवलंस. बुडत्याला काडीचा आधार म्हणतात, तू तर अख्खी फळीच टाकलीस.

आता जबाब लिहून घे. चामडं नदीपलीकडच्या चामडेवाल्याचं. तळ आमच्याच साच्यात. पोलादी टोप्या मागच्या गल्लीतला प्रेसवाला ठोकून देतो, त्याच्या बापाने माझ्या बापाला दिल्या तशाच. दोरा देशी. नाडीची भोकं तेवढी परदेशी, पितळेची रिंग इथं कोणी करत नाही. लपवत नाही, नाहीतर तू ती उकरून काढशीलच. लहानपणी माझ्या गोट्या दोनदा मोजून मग खेळायला बसायचीस, ते मी विसरलेलो नाही.

सात आणि आठ नंबरचे नमुने पाठवतोय. एक आठ नंबरचा जोड तपासणी केंद्रातही धाडलाय, प्रमाणपत्र थेट तुझ्याकडे येईल, माझा हात मध्ये नाही.

छोट्या मापाचं म्हणशील तर होईल. त्या हूकवालीला सांग, बूट शिवतोय म्हणून. ते माझ्यावर सोड.

दादा

—

३ फेब्रुवारी

दादा,

प्रमाणपत्र आलं. क्रमांक केंद्रात विचारून घेतला, या वेळी तो बुटांचाच आहे. पण कागदावर माझं पोट भरत नाही हे तू जाणतोस, म्हणून यार्डात आमचीही चाचणी घेतली. बुटाच्या टोकात, बोटांच्या जागी, ओल्या मातीचा गोळा ठेवायचा. वरून वजन सोडायचं. मग बूट कापून गोळा किती चेपलाय ते बघायचं. जेवढी जागा मातीला उरली तेवढीच बोटांना उरणार. वजन पडलं तेव्हा आवाज असा झाला की ऑफिसातली माणसं बाहेर आली. टोपीला नुसता पोचा. गोळा जवळजवळ होता तसा. मी तो तळहातावर ठेवून सगळ्यांना दाखवत फिरले, एखाद्या पोराने बक्षीस दाखवावं तशी.

मग राहिलेला बूट सगळा उसवला. मावशीचे टाके कापताना वाईट वाटलं. सुरी चालेना इतके घट्ट होते.

टोपी बाहेर काढून पाहिली. तिच्या खालच्या कडेला आत वळलेली पट्टी आहे ना, तिच्यावर मी बोट फिरवलं. आमच्या जुन्या परदेशी बुटांत ती अगदी अरुंद होती. टोपी उभी राहते ती त्या पट्टीवर, नाहीतर वजन आलं की कडाच तळात रुतणार. तुझ्या प्रेसवाल्याला माझा सलाम सांग.

बैठकीत मी आधीच लिहून दिलं, की कारखानदार माझा मावसभाऊ आहे. खरेदीवाले साहेब खुर्चीत मागे रेलले आणि म्हणाले, घरचंच कार्य आहे म्हणा की. मी म्हटलं, घरचं आहे म्हणून दुप्पट फोडून पाहिलंय, तुम्ही आणलेले एकदा तरी फोडले होते का? ते गप्प बसले. पण असा माणूस गप्प बसतो तेव्हा विसरत नाही. आता तुझे बूट म्हणजे माझा शब्द आहे, हे लक्षात ठेव.

ऑर्डर मंजूर झाली. चांगली मोठी आहे, खरेदीचा कागद सोबत आहे. बायकांच्या पावलांचे आकार कागदावर काढून पाठवतेय. हूकवालीचा सगळ्यात छोटा. पेन्सिल फिरवताना तिला गुदगुल्या होत होत्या, म्हणून रेघ जरा हललीय.

छोट्या मापाचा एक जोड आधी पाठव. तोही फोडून बघते, मग बाकीचे कर.

इन्स्पेक्टर

—

१९ फेब्रुवारी

इन्स्पेक्टर,

तू इथं असायला हवी होतीस. सगळी यंत्रं एकदम सुरू आहेत आणि एकमेकांशी बोलायला ओरडावं लागतंय. सोडून गेलेल्यांपैकी दोघं आपणहून परत आले. एकाने दारातच विचारलं, माझी जागा कुणी घेतली तर नाही ना? त्याच्या खुर्चीवर दोन वर्षं मांजर बसत होतं, त्याला उठवलं.

छोट्या मापाचं बोलू. एक जोड फोडायला पाठव म्हणतेस. बाई गं, छोटे जोड मोजून तेवढेच करतोय, जेवढे पाय तू कागदावर पाठवलेस. ज्यावर बूट चढवून शिवतात तो लाकडी फर्मा त्या मापाचा नव्हता, तो मी स्वतः तासून केला. एक जोड तू फोडलास, की एक बाई परत चिंध्या कोंबून फिरणार. ती कोण, ते तूच ठरव आणि तूच तिला सांग. मोठ्या मापाचा फोडून पाहिलास ना? तेच चामडं, तेच पोलाद, तीच आई. प्रमाणपत्र त्याच बुटाचं आहे. माप बदललं म्हणून बूट बदलत नाही.

आई म्हणतेय, बायकांच्या बुटांत अस्तर मऊ घालते, पुरुषांचं काय, त्यांची कातडी जाड असते. आकारांचे कागद तिने यंत्रासमोर भिंतीला लावलेत. हूकवालीच्या कागदाकडे बघून म्हणाली, हा पाय तर माझ्या लहान बहिणीसारखा आहे. म्हणजे तुझ्या आईसारखा. मग तो कागद काढून तिने मधोमध लावला.

माल महिनाअखेरीस निघेल.

दादा

—

१४ मार्च

दादा,

बूट आले, वाटले, आणि आज दुसरा आठवडा आहे. तक्रार एकच आली, तीही एका वेल्डरची, की नवे बूट करकरतात आणि त्याला चोरून झोपायला जाता येत नाही. ती तक्रार मी फाइलला लावलेली नाही.

बायकांचं काय सांगू! हूकवालीने बूट घातले, नाड्या बांधल्या आणि काही न बोलता यार्डाच्या भिंतीपर्यंत चालत गेली. तिथून परत आली. मग म्हणाली, "मॅडम, पाय माझेच आहेत हो." एवढंच. मी खिशात चष्मा शोधायला लागले, चष्मा डोळ्यांवरच होता. तिच्याबरोबरच्या बायका दुपारच्या सुट्टीतही बूट काढत नाहीत. एकीने घरी नेले आणि नवऱ्याला दाखवले, म्हणे हे आमच्या मापाचे केलेत, मुद्दाम.

तुला एक गोष्ट सांगते आणि ती तुझ्यापाशीच ठेव. छोट्यातला एक जोड मी फोडणार होते. तू काहीही लिहिलंस तरी. खोकं उघडलं, सुरी काढली, आणि हाताला आला तो नेमका हूकवालीचा. ती समोर उभी होती, नवे मोजे घालून. मोजे तिने घरून आणले होते, खास त्या दिवसासाठी. मी सुरी ठेवून दिली आणि बूट तिच्या हातात दिले. आयुष्यात पहिल्यांदा गोट्या न मोजता खेळायला बसले असेन. तेव्हा खूश हो.

दुसऱ्या ऑर्डरचं पावसाळ्यानंतर बोलू. साहेब अजून कुजबुजत असतात, पण बूट पायात आहेत, तोंडं किती चालणार?

इन्स्पेक्टर

—

२२ मार्च

प्रिय इन्स्पेक्टर,

हे पत्र जरा घाईचं आहे. छोट्या मापाचे सगळे जोड मला परत पाठव. शिलाई थोडी कच्ची राहिलीय असं वाटतं, आईची नजर आता पूर्वीची नाही. नवीन जोड करून देतो, खर्च माझा. प्रेसवाल्याशीही बोलणं चाललंय, त्याचा आणि याचा संबंध नाही म्हणा.

त्या बायका नक्की काय काम करतात? वेचण्या-निवडण्याचं हलकं काम असेल ना? जड काही त्यांच्या डोक्यावरून, पायाजवळून जात नसेल अशी माझी समजूत आहे. लगेच कळव.

बूट लगेच पाठव. नवे येईपर्यंत जुनेच घालायला सांग.

दादा

—

२९ मार्च

दादा,

तू म्हातारा झालास. मावशीचे टाके कच्चे? मी सुरीने कापलेत ते, मला सांगतोस? बायकांचे बूट मी एकेक करून पाहिले, वाकवले, ओढले, एक धागा सैल नाही. मावशीला सांग, तिचा मुलगा तिच्यावर उगाच आळ घेतोय.

तरी तू म्हणतोस म्हणून बायकांना विचारलं. आठ-पंधरा दिवसांसाठी बूट द्या, नवे मिळतील. एकही तयार नाही. हूकवाली म्हणाली, एकदा गेले की कोण परत देतं, मॅडम? तिचंही खरं आहे. जुने सहा नंबरचे परत घाला म्हणायला माझी जीभ रेटली नाही. जबरदस्ती करून काढून घेऊ का? कारण काय सांगू, भावाला वाटतंय?

आणि हलकं काम कुठलं आलंय भंगाराच्या यार्डात! सगळंच जड. म्हणून तर बूट.

उगाच काळजी करत बसू नकोस. धंदा नीट चालला की तुला करमत नाही, हा तुझा जुना रोग आहे.

इन्स्पेक्टर

—

१७ एप्रिल

दादा,

मंगळवारी सकाळी सळयांची मोळी साखळीतून सटकली. फार उंचावरून नाही. हूकवालीने सगळ्यांना बाजूला केलं, तीच तेवढी मागे राहिली. मोळीचं टोक तिच्या उजव्या पायावर आलं. ती ओरडली नाही. खाली बसली आणि नाडी सोडायला लागली, ती सुटेना, म्हणून माझ्याकडे बघत राहिली.

दवाखान्यात बूट कापूनच काढावा लागला. अंगठा आणि शेजारची दोन बोटं गेली.

मोळीचं वजन मी मोजून घेतलंय. आमच्या चाचणीतल्या वजनापेक्षा तो मार कमी होता. तुझा आठ नंबरचा बूट असता, तर टोपीला पोचा आला असता आणि ती शिव्या देत उठली असती.

बूट दवाखान्यातून मागून घेतला. धुतला, मग उसवला. टोपी काढली. खाली आत वळलेली पट्टी नव्हतीच, दादा. बाजूंनी कानशीने घासल्याच्या खुणा आहेत, मागची कड कापलेली आहे, आणि एका बाजूला शिकंज्यात दाबल्याचे दात उमटलेत. ती मोठ्या मापाची टोपी आहे. कापून, दाबून, घासून छोटी केलेली. वजन आलं तशी ती सुरीसारखी तळात शिरली आणि बोटं मध्ये होती.

बाकी बायकांचे बूट मी त्याच दिवशी काढून घेतले. या वेळी कुणी नाही म्हणाली नाही. एका जोडात मातीचा गोळा ठेवून वजन सोडलं. गोळ्याची चकती झाली. चकतीही नाही, दोन तुकडे झाले.

मला एवढंच सांग. शिलाई कच्ची होती का?

—

२४ एप्रिल

माझी बाय,

नव्हती.

तुझं पहिलं पत्र आलं आणि मी होईल म्हणून लिहिलं, तेव्हाच मला ठाऊक होतं की प्रेसवाल्याकडे छोट्या टोपीचा साचा नाही. तो म्हणाला, मूठभर जोडांसाठी नवा साचा करणार नाही, वेड लागलंय का? मी त्याच्या पाया पडायचा बाकी राहिलो. मग वाटलं, नाही म्हणून कळवावं. पत्र लिहायलाही बसलो. पण तू लिहिलं होतंस की दोन वर्षं विचारत फिरतेयस. तू माझ्याकडे आजवर काही मागितलं नव्हतंस. आणि हेही खरं, की छोटं माप जमत नाही म्हटलं तर मोठी ऑर्डरही हातची जाईल अशी भीती होती. दोन्ही खरं आहे. कुठलं जास्त खरं ते मला विचारू नकोस.

सहा नंबरच्या टोप्या घेतल्या आणि माझ्याच बाकावर एकेक कापली. दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही, त्यांच्याकडे पापाचा वाटा जायला नको म्हणून. पट्टी घासल्याशिवाय टोपी अरुंद तळात बसेना. तयार झाल्यावर हातोडा मारून पाहिला. हातोडा! तू मातीचा गोळा ठेवतेस आणि मी हातोड्याने दोन ठोके देऊन म्हटलं, टिकतंय की. माल गाडीत चढला तेव्हापासून घास गोड लागला नाही. परत मागवले तेव्हा खरं कारण लिहायला हवं होतं. ते न लिहिता आईच्या डोळ्यांवर ढकललं. लिहिलं असतं तर तू बूट पायातून ओढून काढले असतेस, हे मला माहीत आहे. माझी बोटं शाबूत आहेत आणि त्यांनीच हे लिहितोय.

आईने तुझं पत्र मला वाचायला लावलं. मधलं गाळून वाचत होतो, ते तिला कळलं. म्हणाली, सगळं वाच. तेव्हापासून माझ्याशी बोलत नाही. चष्मा काढून यंत्रावर ठेवलाय.

अहवाल तुलाच लिहावा लागणार. शिलाई लिहिलीस तर ऑर्डर जाईल, पण कारखाना कसाबसा राहील, ही अकरा माणसं राहतील. टोपी लिहिलीस तर सगळंच जाईल आणि माझ्याबरोबर तुझाही शब्द. मी काही मागत नाही. मागायला तोंड नाही. पण माणसं दारात उभी राहून विचारतात, म्हणून लिहिलं.

दादा

—

१० मे

दादा,

अहवाल दिला. पट्टी घासलेल्या टोपीचं सगळं लिहिलं, फोटो जोडले. त्याखाली हेही लिहिलं, की छोट्या मापाचा जोड वाटण्याआधी फोडून पाहायचा होता, तो मी फोडला नाही. साहेब म्हणाले, दुसरी ओळ कशाला, तिच्यावाचूनही चाललं असतं. त्यांनी ते चांगल्या मनाने सांगितलं असावं. मी ओळ राहू दिली. आता मला दुसऱ्या विभागात बसवलंय, तिथं फोडून बघायला काही नसतं.

तू पुन्हा सरकारी यादीत येणार नाहीस. मला तुझ्यावर रागवायचं आहे आणि ते जमत नाही. तुझी ती दोन्ही खरं असलेली वाक्यं वाचली की माझी सुरी ठेवलेली आठवते. मीही त्याच दोन कारणांनी ठेवली होती. तिला बूट मिळावा म्हणून, आणि माझा शब्द खरा ठरावा म्हणून. आपण दोघं त्या बाईवर इतका जीव टाकत होतो, की तिचा पाय कुणी पाहिलाच नाही.

यार्डात परदेशी बूट परत आले. छोटं माप सहा.

हूकवालीकडे जाऊन आले. तिला सगळं सांगितलं. टोपीचं, तुझं, सुरीचं. ऐकून बराच वेळ पांघरुणाची कड चाळवत राहिली. मग विचारलं, "तुम्ही फोडला असता, तर मला बूट मिळाला नसता ना, मॅडम?" मी म्हटलं, नसता मिळाला. ती म्हणाली, "मग त्या दिवशी विचारलं असतंत, तर मीच म्हणाले असते, नका फोडू." हे तिने मला बरं वाटावं म्हणून म्हटलं. मला बरं वाटलं नाही.

तिला फाटकावर बसून नोंद ठेवायचं काम देणार आहेत. काठी घेऊन चालते. उजव्या पायात काहीच बसत नाही, टोकाला चेंडूसारखं मलमपट्टीचं बोचकं, आणि पट्टी सुटल्यावरही कुठला तयार बूट बसणार नाही. डावा बूट तिने मागून घेतलाय, मऊ आहे म्हणते. टोपी काढूनच दिला मी तो.

जखम भरून आली, की ज्या आजींनी आत मऊ अस्तर घातलं होतं त्या उजव्याचं काही करतील का, असं तिने विचारलंय. राग आहे का, असं मी विचारलं. म्हणाली, आहे ना, पण चालायचंही आहे. टोपी नको म्हणाली. आता तिथं वाचवण्यासारखं काय उरलंय!

पावलाचा आकार सोबत पाठवतेय. या वेळी रेघ हललेली नाही. मावशीला दाखवायचा की नाही ते तू ठरव.

—

२८ जून

इन्स्पेक्टर,

दाखवला. आईने चष्मा लावला, कागद यंत्रावर पसरला आणि त्यावर हात ठेवून बसली. मग पहिल्यांदा माझ्याशी बोलली. म्हणाली, दोरा ओवून दे.

कारखान्याचं दार मागच्या महिन्यात बंद झालं. यंत्रं गेली, आईचं तेवढं ठेवलं. मांजर त्या खुर्चीवर परत बसतंय. प्रेसवाल्याकडे गेलो, सगळं सांगितलं. चार दिवसांनी त्याने छोट्या टोपीचा साचा करून आणला आणि माझ्या बाकावर ठेवून निघून गेला. आता साचा आहे, ऑर्डर नाही.

टोपी नको म्हणाली असेल, तरी त्याच साच्यातली दोन्ही पायांत घातली आहे. उजवीकडे अजून दोन बोटं आहेत. पट्टी पूर्ण आहे, बोट फिरवून बघ. पुढच्या रिकाम्या जागेत आईने लोकर भरलीय, ती हाताने निवडून.

पार्सलमध्ये दोन जोड आहेत, अगदी सारखे. एक हूकवालीचा. दुसरा तुझ्या सुरीसाठी. आधी तो फोड, मातीचा गोळा ठेवून, ती समोर नसताना. गोळा शाबूत राहिला तरच पहिला तिला दे. नाही राहिला तर दोन्ही जाळून टाक आणि मला कळवूही नकोस.

दादा